उकळत्या पाण्यातली बोटं

२०२४ च्या जुलैत जपानमध्ये नव्या नोटा चलनात आल्या. त्यातल्या दहा हजार येनच्या नोटेवर शिबुसावा एइइची यांचा चेहरा आहे. बँक, कागद गिरणी, सूतगिरणी, वीटभट्टी अशा सुमारे पाचशे उद्योगांच्या उभारणीत या माणसाचा हात होता. नोटेच्या पाठीवर तोक्यो स्टेशनची लाल विटांची जुनी इमारत आहे. यंत्रयुगातल्या जपानचा चेहरा म्हणून शिबुसावांची निवड व्हावी यात वावगं काहीच नाही. ते तेवढे मोठे होतेच.

पण या यंत्रयुगासाठी लागलेला पैसा आला कुठून? विलायतेतून वाफेची इंजिनं, रूळ, चात्या, तोफा, जहाजं आणायची तर परकी चलन हवं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून १९३० च्या दशकापर्यंत जपानच्या निर्यातीत पहिला नंबर कच्च्या रेशमाचा होता. ते रेशीम पिकत होतं डोंगराळ खेड्यांत, शेतकऱ्यांच्या माळ्यांवर. आणि कोषावरून ते उलगडत होत्या त्या शेतकऱ्यांच्या मुली, गरम पाण्यात बोटं बुडवून. जपानने सरंजामशाहीतून यंत्रयुगात जी उडी मारली तिचं वजन या मुलींनी पेललं, असं माझं मत आहे. सामुराई, मंत्री आणि कारखानदार यांच्या चरित्रांतून हा इतिहास आपण पुष्कळ वाचला. इथे तो धाग्याच्या बाजूने सांगायचा आहे, आणि त्यासाठी सुरुवात करावी लागेल तांदळापासून.

तांदळात मोजलेला देश

१६०० साली सेकिगाहाराची लढाई तोकुगावा इएयासूने जिंकली. १६०३ मध्ये तो शोगुन झाला आणि पुढची अडीचशेहून जास्त वर्षं खरी सत्ता त्याच्या घराण्याकडे, एदो शहरात राहिली. क्योतोत सम्राट होता, पण नावापुरता. देश सुमारे अडीचशे-पावणेतीनशे सरदारांमध्ये, म्हणजे दाइम्योंमध्ये वाटलेला. प्रत्येकाची प्रतिष्ठा मोजायचं माप होतं तांदूळ. एक कोकु म्हणजे साधारण दीडशे किलो, एका माणसाला वर्षभर पुरेल एवढा. कागाच्या माएदा घराण्याचा मुलूख दहा लाख कोकुंचा मानला जाई. सामुराईंचा पगारही तांदळातच ठरायचा.

दाइम्योंनी बंड करू नये म्हणून तोकुगावांनी एक जालीम उपाय शोधला. १६३५ मध्ये त्याला कायद्याचं रूप आलं. दाइम्योने साधारण एक वर्ष आपल्या मुलखात राहायचं आणि एक वर्ष एदोत. बायकामुलांनी मात्र कायम एदोत राहायचं, म्हणजे ओलीसच. शेकडो माणसांच्या लवाजम्यासह ही ये-जा चालायची. तिचा हेतू राजकीय होता, पण परिणाम बाजारावर झाला. एदो ते क्योतो हा तोकाइदो मार्ग त्रेपन्न मुक्कामांनी गजबजला. एदोची वस्ती अठराव्या शतकात दहा लाखांच्या घरात गेली. दाइम्योंना रोकड लागे, म्हणून त्यांचा तांदूळ ओसाकाला विकायला येई. तिथल्या दोजिमा बाजारात तांदळाचा वायदेबाजार चाले आणि १७३० मध्ये शोगुनच्या सरकारने त्याला रीतसर मान्यताही दिली.

खेड्यात काय घडत होतं ते मला याहून महत्त्वाचं वाटतं. तोकुगावा काळात सामुराईंना जमिनीवरून उठवून किल्ल्याभोवतीच्या शहरात वसवलं गेलं. गावात सरदाराचा माणूस उरला नाही. सारा भरायची जबाबदारी अख्ख्या गावावर एकत्र होती. आपल्याकडे पाटील आणि कुलकर्णी मिळून जे करत ते तिथे गावचा मुख्य आणि त्याचे सहकारी करत: मोजणी, वाटणी, वसुली, तक्रार-अर्ज. हे सगळं कागदावर. त्यामुळे लिहिता-वाचता येणं ही खेड्यातल्या बऱ्या शेतकऱ्याची गरज झाली. देवळांत, घरांत छोट्या शाळा निघाल्या. शेतीवरची छापील पुस्तकं खेड्यांत वाचली जाऊ लागली.

रेशमाचं बस्तान याच काळात बसलं. आधी उत्तम रेशीम चीनहून नागासाकी बंदरात येई आणि त्याबदल्यात जपानची चांदी बाहेर जाई. खाणी आटायला लागल्यावर १६८५ मध्ये सरकारने या व्यापाराला मर्यादा घातली. क्योतोच्या निशिजिन भागातले विणकर मग देशी रेशमाकडे वळले आणि कोझुके, शिनानो, मुत्सु या डोंगरी मुलखांतल्या शेतकऱ्यांनी तुती लावली. भात जिथे नीट पिकत नाही तिथे तुती तग धरते. १८०३ मध्ये उएगाकी मोरिकुनी नावाच्या रेशीम-जाणकाराने संगोपनावर एक सचित्र पुस्तक काढलं. अंडी कशी जपावीत, पाला किती आणि केव्हा द्यावा, खोलीची ऊब कशी राखावी, हे सगळं त्यात होतं. हे पुस्तक डचांमार्फत युरोपात पोहोचलं आणि १८४८ मध्ये त्याचं फ्रेंच भाषांतर छापून आलं. अमेरिकन जहाजं जपानचं दार ठोठावायला आली त्याच्या पाच वर्षं आधीची ही गोष्ट आहे. जपानी खेड्यातलं ज्ञान तेव्हाच फ्रान्समध्ये अभ्यासलं जात होतं.

या काळाला सुवर्णयुग मात्र म्हणता येणार नाही. १७८३ मध्ये आसामा ज्वालामुखी फुटला, थंडी आणि राख यांनी पिकं गेली आणि तेन्मेइ दुष्काळात माणसं हजारोंनी मेली. १८३० च्या दशकात पुन्हा दुष्काळ पडला. १८३७ मध्ये ओसाकात ओशिओ हेइहाचिरो या माजी सरकारी अधिकाऱ्यानेच भुकेल्या लोकांच्या बाजूने बंड केलं आणि शहराचा मोठा भाग जळाला. शेतकऱ्यांचे उठाव ही नित्याची बाब होती.

काळी जहाजं आणि योकोहामा

१८५३ च्या जुलैत अमेरिकन कमोडोर पेरी चार काळी जहाजं घेऊन उरागाच्या किनाऱ्याला आला. पुढच्या पाच वर्षांत जपानला असमान करार पत्करावे लागले आणि १८५९ मध्ये योकोहामा बंदर खुलं झालं. जकात किती लावायची हेही जपानच्या हातात राहिलं नाही. १८६६ च्या करारानंतर ती जवळपास सगळ्या मालावर पाच टक्के ठरली.

नेमक्या याच काळात फ्रान्स आणि इटलीत रेशीमकिड्यांवर पेब्रिन रोगाची साथ होती. लुई पाश्चर यांनी १८६५ पासून त्यावरच संशोधन केलं. निरोगी अंडीपुंज आणि कच्चं रेशीम हवं म्हणून युरोपचे व्यापारी योकोहामात थैल्या घेऊन उभे राहिले. भाव चढले. रेशीम बंदराकडे वाहू लागलं, निशिजिन आणि किर्यूचे माग सुताविना बसले आणि तांदूळही महागला. १८६६ मध्ये मुसाशी आणि कोझुके भागात हजारो गरिबांनी उठाव केला. सावकारांबरोबरच योकोहामाशी व्यापार करणाऱ्या रेशीम व्यापाऱ्यांची घरं त्यांनी मोडली. शोगुनशाही पुढच्या दोन वर्षांत कोसळली. सात्सुमा आणि चोशू या दक्षिणेकडच्या मुलखांतल्या तरुण सामुराईंनी १८६८ मध्ये सम्राट मेइजी यांच्या नावाने सत्ता घेतली. १८७१ मध्ये दाइम्योंचे मुलूख रद्द होऊन प्रांत झाले.

परकीयांचा राग त्या काळी किती खोल होता ते ओदाका आत्सुतादा यांच्या आयुष्यावरून कळतं. फुकायाजवळच्या खेड्यातलं हे सुशिक्षित शेतकरी घराणं. शिबुसावा त्यांचे धाकटे मामेभाऊ, शिष्य आणि पुढे मेहुणे. १८६३ मध्ये या नातलगांनी मिळून एक कट रचला होता: ताकासाकीचा किल्ला घ्यायचा, तिथून योकोहामावर चाल करून जायची आणि परकीयांची वस्ती जाळायची. ओदाकांच्या भावाने क्योतोहून येऊन निकराने विरोध केला, म्हणून तो बेत टळला. चार वर्षांनी शिबुसावा शोगुनच्या शिष्टमंडळाबरोबर पॅरिसचं जागतिक प्रदर्शन पाहायला गेले. आणि योकोहामा पेटवायला निघालेले ओदाका १८७२ मध्ये एका फ्रेंच अभियंत्याच्या साथीने उभ्या राहिलेल्या सरकारी रेशीम कारखान्याचे पहिले संचालक झाले.

तोमिओका

हा कारखाना गुन्मा प्रांतातल्या तोमिओका गावी आहे. जपानी रेशीम हातरहाटावर काढलेलं, जाडी एकसारखी नाही, त्यात भेसळही होई. परदेशात त्याचा भाव पडला. आदर्श कारखाना काढून देशभरच्या मुलींना तिथे शिकवावं आणि त्यांनी परत जाऊन आपापल्या भागात शिकवावं, असं सरकारने ठरवलं. पॉल ब्रुना या फ्रेंच रेशीमतज्ज्ञाने जागा निवडली: कोषांचा मुलूख, भरपूर पाणी, जवळ कोळसा. यंत्रं फ्रान्सहून आली, पण जपानी मुलींच्या उंचीप्रमाणे बदल करून घेतलेली. विटा जपानमध्ये कुणी फारशा पाहिल्या नव्हत्या, तेव्हा फुकायाच्या कौलं भाजणाऱ्या कारागिरांनी त्या भाजल्या. सिमेंट नव्हतं, म्हणून विटांच्या सांध्यांत चुन्याचा गिलावा भरला. सांगाडा लाकडाचा, भिंती विटांच्या, छपरावर जपानी कौलं. धागा काढायचं दालन एकशे चाळीस मीटर लांब आणि त्यात तीनशे कढया, हे तेव्हा जगातल्या सगळ्यांत मोठ्या कारखान्यांपैकी एक होतं.

आज ते पाहता येतं, कारण १९८७ पर्यंत तिथे रेशीम निघत होतं आणि शेवटच्या मालकाने, काताकुरा कंपनीने, कारखाना बंद पडल्यावरही इमारती मोडल्या नाहीत. २०१४ मध्ये युनेस्कोने त्यांना जागतिक वारसा ठरवलं. दालनात मधे खांब नाही. दिवसाचा उजेड आत यावा म्हणून मोठाल्या काचेच्या खिडक्या आहेत आणि वाफ बाहेर जावी म्हणून छपरावर झरोका. पितळी-तांब्याच्या जुन्या सरंजामाच्या जागी विसाव्या शतकातली स्वयंचलित यंत्रं उभी आहेत, पण जागेचा आवाका तोच.

कारखाना तयार झाला, कामाला मुलीच येईनात. फ्रेंच माणसं रक्त पितात अशी अफवा पसरली होती. ब्रुना आणि त्याची माणसं जेवताना लाल वाइन घेत, त्यावरून ती उठली असावी असं सांगतात. शेवटी ओदाकांनी स्वतःच्या कोवळ्या वयाच्या मुलीला, यूला, पहिली कामगार म्हणून दाखल केलं. मग प्रांताप्रांतांना हुकूम गेले आणि ज्यांचा पगार-मान संपत आला होता अशा सामुराईंच्या मुली येऊ लागल्या.

त्यातली एक योकोता एइ. नागानो प्रांतातल्या मात्सुशिरोच्या माजी सामुराईची मुलगी. मुली जमवायचं काम तिच्या वडिलांवर होतं. कुणी तयार होईना, तेव्हा त्यांनी आपलीच मुलगी पाठवली. १८७३ च्या वसंतात ती गावच्या इतर मुलींबरोबर उसुई घाट उतरून पायी तोमिओकाला आली. विटांची इमारत तिने आयुष्यात पहिल्यांदा पाहिली. उतारवयात, वादा एइ या सासरच्या नावाने, तिने त्या दिवसांच्या आठवणी लिहिल्या. तोमिओकाविषयी आज आपल्याला जे आतून कळतं ते मुख्यतः तिच्यामुळे.

काम असं होतं. आधी कोष निवडायचे: डागी, दुहेरी, पातळ कवचाचे बाजूला. मग वाफेने तापवलेल्या पाण्यात चांगले कोष सोडायचे. पाण्याने कोषाचा डिंक सैल होतो. लहान कुंच्याने वरून हलकेच घासलं की धाग्याचं टोक सुटतं. एका कोषावरचा अखंड धागा हजार मीटरच्या पुढे असतो, पण इतका बारीक की चार-पाच कोषांचे धागे एकत्र ओढल्याशिवाय कच्च्या रेशमाचा एक धागा होत नाही. एखादा कोष संपत आला की धागा बारीक होतो. त्या क्षणी नव्या कोषाचं टोक बोटाने त्यात टाकायचं, गाठ न मारता. उशीर झाला तर धागा बारीक, घाई झाली तर जाड. यंत्र फक्त रीळ फिरवतं. जाडी राखते ती डोळ्याची आणि बोटाची सवय. पाणी जवळजवळ उकळतं, बोटं पांढरी पडतात, कातडी सोलवटते आणि कोषातल्या मेलेल्या किड्यांचा वास कपड्यांतून जात नाही. जपानची हवा दमट, त्यामुळे रिळावर धागे एकमेकांना चिकटत. म्हणून लहान रिळावरून मोठ्या रिळावर ते पुन्हा गुंडाळायची पद्धत इथे बसवली गेली.

एइच्या आठवणींतला एक प्रसंग मला फार बोलका वाटतो. मात्सुशिरोच्या मुली कोष निवडण्याच्या कामावर होत्या. पुढची तुकडी आली की तुम्हाला धाग्यावर बसवू, असं त्यांना सांगितलेलं. पुढची तुकडी आली यामागुचीहून, म्हणजे जुन्या चोशूतून, नव्या सरकारातल्या बड्या मंडळींच्या मुलखातून. त्या मुली थेट धाग्यावर बसल्या. मात्सुशिरोच्या मुली रडल्या, मग वरिष्ठांकडे जाऊन त्यांनी सरळ विचारलं. सरंजामशाही कागदावर संपून दोन वर्षं झाली होती, पण कोण कुठल्या मुलखातली हे या दालनात सगळ्यांना ठाऊक होतं. विशेष हे की मुलींनी मुकाट्याने सोसलं नाही आणि अधिकाऱ्यांना त्यांचं ऐकून घ्यावं लागलं. एइ पुढे पहिल्या दर्जाची कारागीर झाली आणि १८७४ मध्ये गावी परतून तिथल्या नव्या रोक्कोशा कारखान्यात शिकवू लागली.

तोमिओकात सुरुवातीला दिवसाला आठ तासांच्या आत काम होतं, रविवारी सुट्टी, राहणं-जेवण सरकारी, डॉक्टरही. मुंबईतल्या गिरणी कामगारांना रविवारची सुट्टी मिळायला नारायण मेघाजी लोखंडे यांच्या चळवळीनंतर १८९० साल उजाडावं लागलं. पण तोमिओका हा शिकवण्यासाठी काढलेला कारखाना होता, नफ्यासाठी नव्हे. सरकारला तो परवडला नाही आणि १८९३ मध्ये मित्सुई घराण्याला विकला गेला.

किंमत कोणी मोजली

नव्या सरकारचं पोट भरत होतं शेतसाऱ्यावर. १८७३ च्या सुधारणेने सारा पिकावरून काढून जमिनीच्या किमतीवर आणला, तीन टक्के आणि तोही रोख. पीक बुडो की भाव पडो, रक्कम तीच. शेतकऱ्यांच्या उठावांनंतर १८७७ मध्ये तो अडीच टक्क्यांवर आला. सामुराईंचे तांदळाचे पगार १८७६ मध्ये रोख्यांत बदलले आणि त्याच वर्षी तलवार बाळगायलाही बंदी आली. १८७७ मध्ये साइगो ताकामोरी यांच्या नेतृत्वाखाली सात्सुमाच्या सामुराईंनी शेवटचं मोठं बंड केलं. शेतकऱ्यांच्या पोरांची सक्तीभरतीची फौज त्यांच्यावर गेली आणि बंड मोडलं. या बंडावर सिनेमे निघाले, पुतळे उभे राहिले. सात वर्षांनंतरच्या चिचिबूच्या उठावाची आठवण मात्र जपानबाहेर फारशी कुणाला नाही.

चिचिबू हा तोक्योच्या वायव्येचा डोंगरी रेशमाचा मुलूख. १८८१ नंतर अर्थमंत्री मात्सुकाता यांनी चलन आवळलं आणि रेशमाचे, तांदळाचे भाव कोसळले. तेजीत कर्ज काढून तुती लावलेले शेतकरी सावकाराच्या दारात आले. ‘अडचणीतल्या लोकांचा पक्ष’ या अर्थाच्या नावाने ते जमले आणि मागणी केली: कर्जफेड दहा वर्षं थांबवा, नंतर चाळीस वर्षांच्या हप्त्यांत घ्या. कुणी ऐकलं नाही. १ नोव्हेंबर १८८४ रोजी काही हजार माणसं देवळात जमली, सावकारांचे दस्त जाळले, तालुक्याची कचेरी ताब्यात घेतली. सरकारने फौज पाठवली आणि दहा दिवसांच्या आत सगळं संपलं. म्होरक्या ताशिरो एइसुके याला पुढच्या वर्षी फाशी झाली. ज्या वस्तूच्या निर्यातीवर देश यंत्रं घेत होता तिच्याच उत्पादकांवर त्या देशाची फौज चालून गेली, हे मेइजी काळाच्या गौरवकथांशेजारी ठेवून वाचायला हवं.

दोन वर्षांनी, १८८६ च्या जूनमध्ये, कोफू शहरातल्या आमेमिया रेशीम कारखान्यातल्या सुमारे शंभर मुली काम टाकून देवळात जाऊन बसल्या. मालकांच्या संघाने तास वाढवले होते आणि मजुरी कापली होती. जपानमधला हा पहिला नोंदलेला कारखान्यातला संप. मालकांना काही अंशी मागे यावं लागलं.

भिक्षूचं यंत्र आणि मुंबईचा कापूस

रेशीम निर्यातीसाठी, तर सूत घरच्या बाजारासाठी. विलायती सुताने जपानी चरखा मोडकळीला आणला होता. नागानोतल्या गाउन तोकिमुने या बौद्ध भिक्षूचं देऊळ मेइजीच्या सुरुवातीच्या बौद्धविरोधी लाटेत बंद झालं. संसारी झालेल्या या माणसाने १८७३ च्या सुमारास एक यंत्र बनवलं. पत्र्याच्या उभ्या नळ्यांत कापूस दाबून भरायचा, नळ्या फिरत राहतात आणि वरून धागा ओढला जातो. पीळ जास्त पडला की नळी आपोआप वर उचलली जाऊन थांबते, सैल पडला की खाली येऊन पुन्हा फिरते. लाकूड, पत्रा आणि पाणचक्की, एवढ्यावर चालणारं. फिरताना ‘गारा गारा’ खडखडे, म्हणून लोक त्याला गाराबो म्हणत. १८७७ च्या पहिल्या राष्ट्रीय औद्योगिक प्रदर्शनात त्याला सर्वोच्च पदक मिळालं. पेटंटचा कायदा यायला १८८५ उजाडलं. तोवर गावोगावच्या सुतारांनी नक्कल करून घेतली होती. गाउनच्या हाती पैसा लागला नाही. मिकावा भागात यांत्रिक गिरण्यांनंतरही जाडं सूत याच यंत्रांवर निघत राहिलं, काही ठिकाणी तर नदीतल्या होड्यांवर.

मोठी गिरणी काढली शिबुसावांनी. १८८३ मध्ये ओसाका सूतगिरणी सुरू झाली, १०,५०० चात्यांची. यामानोबे ताकेओ हा विलायतेत शिकणारा तरुण त्यांच्या सांगण्यावरून तिथल्या गिरणीत उतरून काम शिकून आला होता. गिरणी पहिल्यापासून दिवसरात्र चालली. १८८६ मध्ये तिथे विजेचे दिवे लागले. रात्रपाळीला मुलीच.

कापूस लागणार होता आणि इथे आपला संबंध येतो. १८८९ मध्ये जपानी मंडळी हिंदुस्थानचा कापूस पाहायला आली. मुंबईहून मालाची वाहतूक पी. अँड ओ. ही ब्रिटिश जहाज कंपनी आणि तिच्या जोडीदार कंपन्यांच्या मुठीत होती. १८९३ मध्ये जमशेटजी टाटा जपानला गेले, शिबुसावांना भेटले आणि निप्पॉन यूसेन काइशा या जपानी कंपनीबरोबर नवी वाहतूक सुरू करायचं ठरलं. ७ नोव्हेंबर १८९३ रोजी ‘हिरोशिमा मारू’ कोबेहून मुंबईला निघाली. पी. अँड ओ.ने टनाला सतरा रुपयांचं भाडं दीड रुपयावर आणलं. टाटांची जहाजं या भाडेयुद्धात टिकली नाहीत. इथले माल पाठवणारे स्वस्त भाड्याला वळले आणि इथलं सरकार परक्यांचं. जपानी कंपनी टिकली, कारण ओसाकाच्या गिरणीवाल्यांनी आपला सगळा कापूस तिच्याच जहाजांतून आणायचा करार पाळला. १८९६ मध्ये पी. अँड ओ.ने तडजोड केली. एकजुटीचा हा धडा जपानी उद्योगाच्या यशाचं मोठं कारण आहे.

वऱ्हाड-खानदेशासारख्या मुलखांतला आखूड धाग्याचा कापूस चिनी आणि अमेरिकन कापसात मिसळून जपानी गिरण्या रिंग चात्यांवर कातू लागल्या. सुतावरची निर्यात जकात १८९४ मध्ये आणि कापसावरची आयात जकात १८९६ मध्ये गेली. १८९७ मध्ये जपानची सुताची निर्यात आयातीच्या पुढे गेली. मुंबईच्या गिरण्यांचं सूत तोवर चीनच्या बाजारात जाई. प्लेगने गिरणगाव ओस पडत असताना तो बाजार हातचा निसटू लागला. १९२७ मध्ये हिंदुस्थानच्या टॅरिफ बोर्डाने जपानी स्पर्धेचा विचार करताना स्त्रियांच्या रात्रपाळीला अन्याय्य स्पर्धा ठरवलं. कोकण-घाटावरून आलेला मुंबईचा कामगार आणि ओसाकातली रात्रपाळीची मुलगी एकमेकांना कधी भेटले नाहीत, पण एकाच्या मजुरीची मर्यादा दुसरीच्या मजुरीने ठरत होती.

नोमुगी घाट

रेशमाचं केंद्र मात्र तोमिओकातून सुवा सरोवराकाठच्या ओकायाला सरकलं. तिथल्या शेतकरी-व्यापाऱ्यांनी फ्रेंच आणि इटालियन यंत्रं पाहून लाकडी चौकटी आणि मातीच्या कढया वापरत स्वस्तातली यंत्रं बनवली. तोमिओकाच्या खर्चाच्या मानाने ती नगण्यच. या काटकसरी अकलेला मी मनापासून दाद देतो. १९०६ मध्ये तोयामा कामेतारो यांनी मेंडेलचे नियम रेशीमकिड्यालाही लागू पडतात हे दाखवलं. त्यातून संकरित वाण आले आणि कोषांचं उत्पन्न वाढलं. १९०९ मध्ये जपानने चीनला मागे टाकलं आणि कच्च्या रेशमाचा जगातला पहिला निर्यातदार झाला. माल मुख्यतः अमेरिकेला जाई. (संकराची ती परंपरा अजून जिवंत आहे. १९९१ पासून जपानच्या मदतीने म्हैसूरला दुबार संकर वाणांवर काम झालं आणि जालना-बीडचे रेशीम उत्पादक आज ज्या वाणांचे अंडीपुंज आणतात त्यांत त्याचा वाटा आहे.)

ओकायाच्या मालकांनी काटकसर मजुरीतही केली. हिदाच्या डोंगरांतून बारा-तेरा वर्षांच्या मुली फेब्रुवारीत १,६७२ मीटर उंचीचा नोमुगी घाट बर्फातून चालत ओलांडून येत आणि वर्षाअखेर परत जात. करारावर शिक्का बापाचा, उचल बापाच्या हातात. तेरा-चौदा तास काम, महिन्याला दोन सुट्ट्या. मजुरी ठरवायची पद्धत मुद्दाम समजून घ्यावी अशी आहे. प्रत्येकीचा धागा तपासला जाई: किती निघाला, जाडी एकसारखी आहे का, चमक कशी. त्यावरून दर्जा लागे. एकूण मजुरीची रक्कम आधीच ठरलेली, त्यामुळे एकीचा दर्जा वाढला की दुसरीचा पैसा कमी होई. वर्षाला शंभर येन मिळवणारी ‘शंभर येनवाली’ घरी शेत विकत घेऊन देई. शेवटच्या दर्जाची मुलगी दंड भरून जवळपास रिकाम्या हाताने परते.

१९०९ च्या नोव्हेंबरात मासाई मिने ही मुलगी आजारी पडली. भावाने तिला पाठीवर बांधून घाटमाथ्यापर्यंत आणलं आणि तिथेच ती गेली. क्षयाने मुली घरी परतत आणि घरातल्यांनाही रोग होई. इशिहारा ओसामू या डॉक्टरने १९१३ मध्ये हे उघडपणे मांडलं. कारखाना कायदा १९११ मध्ये झाला, लागू झाला १९१६ मध्ये, आणि स्त्रियांची रात्रपाळी प्रत्यक्ष बंद व्हायला १९२९ उजाडलं.

१९६८ मध्ये यामामोतो शिगेमी यांनी या मुलींवर पुस्तक लिहिलं. त्यांनी शेकडो म्हाताऱ्या बायकांना बोलतं केलं. बहुतेकींनी सांगितलं की कारखान्यातलं जेवण घरच्यापेक्षा चांगलं होतं आणि गेलो याचं वाईट वाटत नाही. काही अभ्यासक यावरून शोषणाची गोष्ट अतिरंजित ठरवतात. मला ते पटत नाही. भाताची वाटी रोज पाहायला मिळणं हे ज्यांना सुख वाटलं त्यांच्या घरी काय परिस्थिती होती, हे त्या उत्तरात आहे. सारा भरून उरलेल्या शेतावर पोट भरत नव्हतं, म्हणून मुलगी घाट ओलांडत होती.

त्याच जपानकडे आपल्याकडचे सुधारक आशेने पाहत होते. १९०५ मध्ये रशियाचा पराभव झाल्यावर तर जपानचं नाव मराठी घरांत पोहोचलं. तोक्योत १९०१ मध्ये महिलांचं विद्यापीठ निघालं, शिबुसावा त्याच्या पाठीराख्यांत होते. त्याची माहिती देणारी पुस्तिका धोंडो केशव कर्वे यांच्या हाती आली आणि तिच्यातून प्रेरणा घेऊन १९१६ मध्ये त्यांनी पुण्यात महिला विद्यापीठ सुरू केलं. कर्व्यांनी जपानमधली योग्य तीच गोष्ट उचलली. फक्त तोक्योच्या विद्यापीठातल्या मुली आणि ओकायातल्या मुली एकाच वयाच्या होत्या, आणि ज्या समृद्धीवर ते विद्यापीठ उभं राहिलं तिच्यात ओकायाचा वाटा मोठा होता.

१९२७ च्या ऑगस्टअखेर ओकायाच्या यामाइची हायाशी-गुमी कारखान्यातल्या सुमारे तेराशे कामगारांनी, ज्यांत बहुतेक मुली होत्या, संप केला. संघटनेचा हक्क, चांगलं जेवण आणि मजुरी या मागण्या. संप एकोणीस दिवस चालला. मालकांनी भटारखाना आणि वसतिगृहाची दारं बंद केली. गावी निरोप गेले, वडील मुलींना न्यायला आले. संप फसला.

दोन वर्षांनी अमेरिकेत शेअर बाजार कोसळला आणि रेशमी मोज्यांची गिऱ्हाइकं नाहीशी झाली. कच्च्या रेशमाचा भाव निम्म्याहून खाली गेला. नागानोतली शाळकरी मुलं डब्याविना शाळेत येऊ लागली, शिक्षकांचे पगार थकले. मग सरकारने या प्रांताला दुसरी वाट दाखवली: मांचुरियात जमीन आहे, कुटुंबकबिल्यासह तिकडे चला. नागानोतून तेहतीस हजारांच्या आसपास माणसं गेली, जपानमधल्या कुठल्याही प्रांताहून जास्त. त्यांना दिलेली जमीन बऱ्याच ठिकाणी चिनी शेतकऱ्यांकडून नाममात्र किमतीत काढून घेतलेली होती. ऑगस्ट १९४५ मध्ये सोव्हिएत फौजा शिरल्या तेव्हा पुरुष सैन्यात भरती झालेले होते. वस्त्यांवर उरल्या होत्या बायका, मुलं आणि म्हातारी माणसं, आणि त्यांच्यातले हजारो परत आले नाहीत.